विश्वभाषेचे स्वप्न : झामेनहॉफ आणि विनोबा

(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेतील भाषणाचा पाठ)



आजच्या व्याख्यानाचा विषय पाहून काहींच्या मनात साहजिकच प्रश्न आला असेल, की युरोपातील एका नेत्रवैद्याने रचलेल्या ‘एस्पेरांतो’ या भाषेचा आणि वसई-विरारच्या जैन समाजाचा संबंध तो काय? संबंध आहे, आणि तो दूरचा नाही. परंतु तेथे पोहोचण्यासाठी आरंभ येथूनच, आपल्या पायाखालच्या भूमीपासून करावा लागेल.

आज ज्या गावास आपण नालासोपारा म्हणतो, ते प्राचीन शूर्पारक, जैन वाङ्मयातील सोपारक. पंडित भगवानलाल इंद्रजी यांना १८८२ मध्ये येथे सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला, आणि नवव्या लेखाचा तुकडा १९५६ मध्ये भुईगाव येथे मिळाला. या लेखांची भाषा प्राकृत आहे. सोपारा हे बंदर होते. तेथे ठिकठिकाणचे व्यापारी, खलाशी, हमाल यांची ये-जा असे. इतक्या भिन्नभाषी लोकांना उद्देशून राजाज्ञा कोरावयाची, तर ती पंडितांच्या संस्कृतात न कोरता लोकांच्या प्राकृतात कोरावी, हा विचार सव्वाबावीसशे वर्षांपूर्वी या किनाऱ्यावर झालेला होता.

व्यापाऱ्यांच्या भाषांविषयी आणखी एक साक्ष द्यावयाची तर ती एका जैन आचार्यांचीच देता येते. उद्योतनसूरींनी जालोर येथे इसवी सन ७७९ मध्ये ‘कुवलयमाला’ हा प्राकृत ग्रंथ पूर्ण केला. त्यात एका बाजारपेठेचे वर्णन आहे. गुर्जर, मारव, लाट, मालव, कर्नाटक, आंध्र, महाराष्ट्र अशा नाना देशांचे वणिक तेथे जमले आहेत, आणि सूरींनी प्रत्येकाचे रूप, स्वभाव व त्याच्या तोंडचे शब्द टिपून ठेवले आहेत. मराठी बोलीच्या प्राचीनत्वाचा पुरावा म्हणून अभ्यासक ज्या नोंदी दाखवितात, त्यांत ही एक महत्त्वाची नोंद होय. गुजराती, मारवाडी आणि मराठी माणूस एकाच बाजारात उभा आहे, प्रत्येक जण आपल्या भाषेत बोलतो आहे आणि तरीही सौदा होतो आहे! वसई स्टेशनाबाहेरचे हे चित्र बाराशे वर्षांपूर्वी लिहिले गेले आहे, असेच वाटते.

सर्वांस समजेल अशी एक वाणी असावी, ही आकांक्षाही आपल्या परंपरेस नवी नाही. भगवान महावीरांनी अर्धमागधीत उपदेश केला, आणि ती वाणी ऐकणाऱ्या आर्य-अनार्यांस, इतकेच नव्हे तर पशुपक्ष्यांसही, आपापल्या भाषेत परिणत होऊन समजत असे, असे समवायांग व औपपातिक या आगमांत सांगितले आहे. दिगंबर परंपरेत दिव्यध्वनीचे वर्णन याच आशयाने येते. जिनदासगणी महत्तरांनी निशीथचूर्णीत अर्धमागधीची फोड करताना, अठरा देशी भाषांचे मिश्रण असलेली भाषा, असाही एक अर्थ दिला आहे. येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. समवसरणातील श्रोत्याला स्वतःची भाषा टाकून यावे लागत नाही. वाणी एक आहे, परंतु ऐकणारा आपल्याच भाषेत ऐकतो. पुढे ज्या माणसाची कथा सांगावयाची आहे, त्याने हे आगम वाचलेले असण्याचा संभव नाही. तथापि त्याच्या मनातील स्वप्न याहून फार निराळे नव्हते.

त्या माणसाचे नाव डॉ. लुडविक लाझर झामेनहॉफ. जन्म १५ डिसेंबर १८५९, गाव बियालिस्तोक. हे गाव आज पोलंडमध्ये आहे, तेव्हा ते रशियन साम्राज्यात होते. बियालिस्तोक हे कापडाच्या गिरण्यांचे गाव होते, हे या सभेस मुद्दाम सांगावेसे वाटते. मागावर धागा एकच चालत असला तरी गावात माणसे चार तऱ्हांची होती : रशियन, पोलिश, जर्मन आणि ज्यू. प्रत्येकाची भाषा वेगळी, प्रत्येक दुसऱ्याकडे संशयाने पाहणारा. रस्त्यात, बाजारात, पावलोपावली कुरबूर. ज्यू घराण्यातील या संवेदनशील मुलाला वाटे, की येथे माणसे राहतच नाहीत. येथे फक्त रशियन, पोलिश, जर्मन आणि ज्यू राहतात. मोठेपणी एका पत्रात त्याने आपल्या बालपणीची ही व्यथा नमूद केली आहे. मोठी माणसे सर्वशक्तिमान असतात, अशी मुलांची समजूत असते. आपण मोठे झालो की हे दुःख नाहीसे करू, असे त्याने ठरवून टाकले.

बालपणी असे निश्चय पुष्कळ मुले करतात. झामेनहॉफने तो पाळला, हा फरक. शाळेत असतानाच, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, म्हणजे १८७८ मध्ये त्याने आपल्या भाषेचा पहिला आराखडा मित्रांपुढे ठेवला. पुढे तो वैद्यकी शिकण्यास मॉस्कोला गेला, तेव्हा वडिलांनी ते कागद आपल्याजवळ ठेवून घेतले आणि नंतर जाळून टाकले, असे सांगतात. वडील स्वतः भाषाशिक्षक. मुलाने रोजगाराकडे लक्ष द्यावे, ही त्यांची इच्छा. कोणत्या बापाची नसते? मुलाने परत येऊन सर्व काही स्मरणातून पुन्हा लिहून काढले, आणि पहिल्यापेक्षा चांगले लिहिले.

भाषा तयार झाली, पण छापावयाची कोणी? तरुण नेत्रवैद्याजवळ पैसा नव्हता आणि प्रकाशक मिळेना. अखेर कामास आला तो एक व्यापारी. झामेनहॉफची वाग्दत्त वधू क्लारा हिचे वडील अलेक्झांडर झिल्बरनिक हे साबणाचे कारखानदार होते. भावी जावई एक भाषा विकावयास निघाला आहे, आणि तीही फुकट, हे कळल्यावरही त्यांनी विवाह मोडला नाही; उलट मुलीच्या हुंड्याची रक्कम या कामी वापरू दिली. २६ जुलै १८८७ रोजी वॉर्सा येथे रशियन भाषेत एक चाळीस पानांची पुस्तिका प्रसिद्ध झाली. लेखकाचे नाव होते ‘डॉक्टोरो एस्पेरांतो’, म्हणजे ‘आशा धरणारा डॉक्टर’. पुढे लोकांनी भाषेलाच ते नाव देऊन टाकले. जगातील भाषांच्या इतिहासात या साबणवाल्या सासऱ्याचे नाव फारसे कोणी घेत नाही. व्यापाऱ्याने केलेली गुंतवणूक बहुधा अशीच वहीच्या शेवटच्या पानावर राहते.

त्या पुस्तिकेत दोन विलक्षण गोष्टी होत्या. एक म्हणजे कापून पाठविण्याची छापील वचनपत्रे. ‘एक कोटी लोकांनी ही भाषा शिकण्याचे जाहीर वचन दिले, तर मीही शिकेन’ असा त्यांचा आशय. व्यवहारी माणसाची अडचण झामेनहॉफने नेमकी ओळखली होती : दुसरा कोणी शिकला नाही तर माझे शिकणे वाया जाणार. एक कोटी वचने अर्थातच आली नाहीत. १८८९ मध्ये पहिली नामावली छापली गेली, तीत एक हजार नावे होती. परंतु त्या हजार जणांनी एक कोटीची वाट न पाहता शिकण्यास आरंभ केला होता.

दुसरी गोष्ट अधिक मोलाची. झामेनहॉफने या भाषेवरील आपले सर्व हक्क तेथेच सोडून दिले. आंतरराष्ट्रीय भाषा ही कोणत्याही राष्ट्रीय भाषेप्रमाणे सर्वांची संपत्ती आहे, रचणाऱ्याची नव्हे, अशी त्याची भूमिका होती. याचे महत्त्व समजण्यासाठी त्याआधीचे एक उदाहरण पाहिले पाहिजे. जर्मनीतील कॅथॉलिक धर्मगुरू श्लायर यांनी १८८० मध्ये ‘व्होलाप्यूक’ नावाची विश्वभाषा प्रसिद्ध केली होती. तिचा प्रसार झपाट्याने झाला. १८८९ च्या पॅरिस परिषदेचे कामकाज तर त्याच भाषेत चालले. पण भाषेत काही सुधारणा कराव्यात, असे अनुयायी म्हणू लागले, तेव्हा अंतिम शब्द आपलाच राहील, असा आग्रह श्लायर यांनी धरला. भांडण झाले, मंडळी पांगली, आणि काही वर्षांत ती चळवळ ओसरून गेली. श्लायर यांची भाषा कठीण होती, हे खरे. तथापि तिचा घात व्याकरणाने जितका केला, त्याहून अधिक मालकीने केला. अपरिग्रह म्हणजे केवळ धनधान्याचा त्याग, असे समजणाऱ्यांनी हे दोन्ही दाखले शेजारी ठेवून पाहावेत.

आता ती भाषा आहे तरी कशी? नियम अवघे सोळा. अक्षरे अठ्ठावीस, आणि आपल्या देवनागरीप्रमाणेच जसे लिहावे तसेच उच्चारावे. नामाच्या शेवटी ‘ओ’, विशेषणाच्या शेवटी ‘आ’, क्रियाविशेषणाच्या शेवटी ‘ए’. क्रियापदाला वर्तमानात ‘आस’, भूतकाळात ‘इस’, भविष्यात ‘ओस’. अपवाद नाहीत. ‘बोना’ म्हणजे चांगला. त्यास ‘माल’ हा उपसर्ग लावला की ‘मालबोना’, वाईट. ‘वेंदी’ म्हणजे विकणे, ‘वेंदिस्तो’ विकणारा, ‘वेंदेयो’ दुकान. ‘श्तोफो’ म्हणजे कापड. तेव्हा कापडविक्या झाला ‘श्तोफवेंदिस्तो’. एक धातू पाठ केला की आठ-दहा शब्द हाती येतात. धातूस प्रत्यय लावून शब्द साधण्याची ही रीत संस्कृत शिकलेल्यास ओळखीची वाटेल. काही शब्दही जवळचे भासतात : ‘नोमो’ म्हणजे नाम, ‘देन्तो’ म्हणजे दात, ‘नोवा’ म्हणजे नवा, ‘त्री’ म्हणजे तीन. टॉलस्टॉयसारख्या थोर लेखकाने १८९४ मध्ये लिहिले होते, की दोन तासांच्या अभ्यासाने आपण ही भाषा वाचू लागलो. टॉलस्टॉयना अनेक युरोपीय भाषा येत होत्या, तेव्हा त्यांचे दोन तास म्हणजे इतरांचे बरेच तास धरावे लागतील. याच टॉलस्टॉयचा एक लेख ‘ला एस्पेरान्तिस्तो’ या मासिकाने १८९५ मध्ये छापला, आणि रशियन सरकारने त्या मासिकाला रशियात बंदी केली. सर्वांत अधिक वर्गणीदार रशियातच होते!

१९०५ मध्ये फ्रान्समधील बूलोन-स्युर-मेर या गावी पहिली जागतिक परिषद भरली. वीस देशांतून ६८८ प्रतिनिधी आले. तोपर्यंत या लोकांनी एकमेकांची पत्रे वाचली होती. एकमेकांचे बोलणे मात्र प्रथमच ऐकले, आणि ते समजले. तेथे एक जाहीरनामा मंजूर झाला. कोणत्याही राष्ट्राच्या भाषेत ढवळाढवळ करण्याचा किंवा तिची जागा घेण्याचा एस्पेरांतोचा हेतू नाही. ती प्रत्येकाची दुसरी भाषा व्हावी, एवढेच ध्येय आहे, असे त्यात स्पष्ट केले गेले. पुढल्याच वर्षी, जून १९०६ मध्ये, झामेनहॉफच्या जन्मगावी ज्यूंची कत्तल झाली. त्यानंतरच्या जिनिव्हा परिषदेत बोलताना त्याने त्या रक्तपाताचा उल्लेख केला. परिषदेतील काही विद्वानांना या भाषेत केवळ व्यापार व विज्ञान यांची सोय दिसत होती. शांती, बंधुभाव वगैरे गोष्टींचा त्यांना संकोच वाटे. झामेनहॉफला त्या बंधुभावावाचून व्याकरणात गोडी नव्हती.

फूट पडण्यास वेळ लागला नाही. १९०७ मध्ये ‘इदो’ नावाची सुधारित शाखा निघाली आणि कित्येक पुढारी तिकडे गेले. मतभेद कशावर? अक्षरांवरील खुणा ठेवाव्यात की नाहीत, अनेकवचन कसे करावे, यांसारख्या गोष्टींवर. तत्त्व सर्वांचे एकच होते! धर्मसंघांचा इतिहास ज्यांना ठाऊक आहे, त्यांना याचे आश्चर्य वाटू नये. सामान्य अनुयायी मात्र मूळ भाषेस धरून राहिले. १९०८ मध्ये जागतिक एस्पेरांतो संघाची स्थापना झाली, आणि १४ एप्रिल १९१७ रोजी, महायुद्धाच्या ऐन धुमाळीत, झामेनहॉफ वारला.

युद्धानंतर राष्ट्रसंघापुढे प्रस्ताव आला, की शाळांतून एस्पेरांतो शिकविण्याचा विचार व्हावा. प्रस्ताव मांडणाऱ्या देशांत भारताचेही नाव होते. फ्रान्सने विरोध केला. मुत्सद्देगिरीची भाषा आपली फ्रेंच आहेच, दुसरी कशास हवी, अशी ती वृत्ती होती. फ्रेंच भाषेचे ते स्थान पुढे इंग्रजीने घेतले, हा काळाचा न्याय म्हणावा लागेल. युनेस्कोने १९५४ मध्ये माँटेव्हिडिओ येथे एस्पेरांतोच्या कार्याची दखल घेणारा ठराव केला, तोवर जग पुष्कळ बदलून गेले होते.

मधल्या काळातील कथा दुःखद आहे. हिटलरला या भाषेत ज्यूंचे कारस्थान दिसले, तर स्टालिनला परदेशांशी पत्रव्यवहार करणारे हेर दिसले. जर्मनीत संघटनांवर बंदी आली. रशियात १९३७-३८ मध्ये अनेक एस्पेरांतो-भाषक तुरुंगात गेले वा मारले गेले. झामेनहॉफचा मुलगा अ‍ॅडम, जो स्वतः नेत्रवैद्य होता, त्यास १९४० मध्ये नाझींनी गोळी घातली. झोफिया व लिडिया या दोन्ही मुलींचा अंत १९४२ मध्ये ट्रेब्लिंका येथील मृत्युछावणीत झाला. लिडिया गावोगाव, देशोदेशी हिंडून ही भाषा शिकवीत असे. १९३८ च्या अखेरीस ती अमेरिकेतून पोलंडला परतली, ती पुन्हा बाहेर पडू शकली नाही. ज्या भाषेत कोणाचा द्वेष करावयास कोणी शिकविले नाही, त्या भाषेच्या घराण्यावर असा घाला घातला गेला.

भारतात या भाषेचा वेल फार पसरला नाही, पण त्याची पाने दिसतात. शांतिनिकेतनचे लक्ष्मीश्वर सिन्हा हस्तव्यवसायाचे शिक्षण घेण्यास स्वीडनला गेले, तेथे एस्पेरांतो शिकले आणि त्या भाषेतून भारताविषयी व्याख्याने देत युरोपभर फिरले. १९८० च्या दशकात पुण्याच्या डेक्कन कॉलेजात भाषाशास्त्र शिकविणारे प्रबाल दासगुप्ता २००७ ते २०१३ या काळात जागतिक एस्पेरांतो संघाचे अध्यक्ष होते. परंतु महाराष्ट्रापुरते बोलावयाचे, तर या विषयात सर्वांत आधी नाव घ्यावे लागते ते आचार्य विनोबा भावे यांचे.

विनोबांचा जन्म १८९५ चा, रायगड जिल्ह्यातील गागोदे गावचा. भूदानासाठी १९५१ पासून तेरा वर्षे ते देशभर पायी फिरले, आणि ज्या प्रांतात पाऊल टाकावयाचे, त्याची भाषा शिकून घ्यावयाची, असा त्यांचा परिपाठ. भारतीय भाषांशिवाय अरबी, फारसी यांचाही त्यांचा अभ्यास होता, आणि त्या अभ्यासात एस्पेरांतोचाही समावेश होता. एस्पेरांतोचे प्रसिद्ध प्रवासी-लेखक, युगोस्लाव्हियाचे टिबोर सेकेल, त्यांना येऊन भेटले होते. ‘जय जगत्’ हा घोष देणाऱ्या संताला जगाची भाषा जाणून घ्यावीशी वाटली, यात नवल नाही. नवल हे, की त्यांनी एस्पेरांतोचा प्रचार आरंभिला नाही. तिच्यातील मर्म त्यांच्या विचारात दिसते ते दुसऱ्या ठिकाणी : लिपीच्या प्रश्नात.

भारतातील भाषा अनेक असोत, त्या तशाच नांदोत. मात्र प्रत्येक भाषा आपल्या लिपीबरोबरच नागरीतही लिहिली-छापली जावी, म्हणजे शेजारची भाषा वाचण्याचा अडसर दूर होईल, अशी विनोबांची सूचना होती. त्यांच्या प्रेरणेने १९७५ मध्ये नागरी लिपी परिषदेची स्थापना झाली. यावर दक्षिणेतून, पूर्वेतून शंका निघाली : म्हणजे आमची लिपी बुडविणार काय? तेव्हा विनोबा हिंदीत खुलासा करीत, की आपण ‘नागरी ही’ म्हणत नाही, ‘नागरी भी’ म्हणतो. येथे मराठी माणसाची एक गंमत होते. हिंदीतला ‘ही’ म्हणजे आपला ‘च’. आणि आपला ‘ही’ म्हणजे हिंदीतला ‘भी’. तोच शब्द, पण नर्मदेच्या अलीकडे त्याचा अर्थ बरोबर उलटतो. मराठीत सांगावयाचे तर विनोबांना ‘नागरीच’ नको होती, ‘नागरीही’ हवी होती. बूलोनच्या जाहीरनाम्यात झामेनहॉफच्या अनुयायांनी जे म्हटले, ते याहून वेगळे नाही : एस्पेरांतोच नव्हे, एस्पेरांतोही. आणि या सभेत ज्यांच्या कानांवर अनेकान्ताची प्रवचने पडलेली आहेत, त्यांना ‘च’ आणि ‘ही’ यांतील अंतर समजावून सांगण्याची आवश्यकता नाही.

विनोबांनी हीच दृष्टी जैन समाजापुढेही ठेवली होती. प्रत्येक धर्माचा सारग्रंथ एक असावा, तसा जैनांचाही सर्व संप्रदायांस मान्य असा एक ग्रंथ व्हावा, हा आग्रह त्यांचाच. जिनेन्द्र वर्णीजींनी संकलन केले. २९ व ३० नोव्हेंबर १९७४ रोजी, भगवान महावीरांच्या २५०० व्या निर्वाणवर्षात, दिल्लीत संगीती भरली. दिगंबर, मूर्तिपूजक, स्थानकवासी आणि तेरापंथी असे चारही आम्नायांचे मुनी व विद्वान एकत्र बसले, आणि ७५६ गाथांचा ‘समणसुत्तं’ सिद्ध झाला. वल्लभीच्या वाचनेनंतर असा प्रसंग शतकानुशतके आला नव्हता. कोणत्याही संप्रदायाने आपले ग्रंथ सोडले नाहीत. त्यांच्याखेरीज हाही एक ठेवला.

एस्पेरांतोच्या गुणांबरोबर तिच्या उणिवाही सांगितल्या पाहिजेत. ती सर्वांची म्हणवते, पण तिचा शब्दसंग्रह बहुतांशी युरोपचा आहे. इटालियन माणसाला ती जितकी सोपी, तितकी तमिळ वा चिनी माणसाला नाही. शिवाय केवळ सोपेपणामुळे कोणतीही भाषा जगभर पसरत नाही. तिच्यामागे सत्ता, व्यापार आणि पोट असावे लागते. वसईच्या किल्ल्यात दोनशे वर्षे पोर्तुगीज भाषेचा अंमल होता. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी किल्ला घेतला, सत्ता गेली, भाषाही गेली. आपल्या तोंडी उरले ते पाव, बटाटा, चावी, पगार यांसारखे शब्द. इंग्रजांची सत्ता गेली, इंग्रजी मात्र राहिली, कारण पगार तिच्याशी बांधलेला आहे. झामेनहॉफच्या भाषेपाशी ना किल्ला होता, ना पगार. असे असूनही १८८७ पासून ती टिकून आहे, तिच्यात ग्रंथ लिहिले जातात, आणि २०१५ मध्ये मोबाइलवर ती शिकण्याची सोय झाल्यावर पुष्कळ तरुण तिच्याकडे वळले. १९७४ पासून या भाषेच्या मंडळींनी एक यादी चालविली आहे. तीत नाव असलेला यजमान परदेशी एस्पेरांतो-भाषकास आपल्या घरी विनामूल्य उतरवून घेतो. अट एकच, पाहुण्याला ही भाषा आली पाहिजे. साधर्मिक भक्तीची ज्यांना सवय आहे, त्यांना ही रीत परकी वाटणार नाही.

कापडबाजारातील एक उदाहरण येथे उपयोगी पडेल. पूर्वी कापड कोठे गजाने, कोठे हाताने, कोठे वाराने मोजले जाई. गावागणिक गज निराळा आणि दुकानागणिक हात निराळा. १९५६ च्या कायद्यानंतर मीटर आला. मीटर कोणत्याही जातीचा नाही, प्रांताचा नाही. म्हणून अहमदाबादचा ताका आणि इचलकरंजीचा ताका एकाच पट्टीने मोजता येऊ लागला. पण म्हणून ‘नऊवारी’ हा शब्द कोणी टाकला काय? बिलावर मीटर छापला जातो आणि घरातील आजी नऊवारीच मागते. सामायिक माप आले, घरचा शब्दही राहिला. एकाने दुसऱ्यास दुकानाबाहेर काढले नाही.

प्रश्न आहे तो घरच्या शब्दाचाच. वसई-विरार पट्ट्यातील जैन घरांत गुजराती, कच्छी, मारवाडी बोलली जाते; कोल्हापूर-सांगलीकडून आलेल्या कुटुंबांची तर मातृभाषाच मराठी. याच भूमीत सामवेदी कुपारी बांधव आपली कादोडी, वाडवळ बांधव आपली वाडवळी, कोळी बांधव आपली कोळी बोली जपण्याची धडपड करीत आहेत. आपल्या मुलांचे शिक्षण बव्हंशी इंग्रजीत होते, मैत्री हिंदीत होते. आजीच्या पाटावरील पंचप्रतिक्रमणाचे पुस्तक गुजराती लिपीत असते. ते नातवाला वाचता येत नाही. म्हणून आता रोमन अक्षरांत छापलेली सूत्रे पाठशाळांतून येऊ लागली आहेत. त्या अक्षरांत ‘न’ आणि ‘ण’ एकच, ‘त’ आणि ‘ट’ एकच. नवकारातील ‘णमो’ चा ‘ण’ मुलाने कोठून शोधावा? काही घरांतून तर मुले महामंत्र पाठ म्हणतात आणि लिहावयास सांगितले की रोमनमध्ये लिहितात.

विनोबांची सूचना या ठिकाणी आपल्या दारी येऊन उभी राहते. मराठी व हिंदी शाळेत शिकविल्या जातात, त्यामुळे येथील प्रत्येक मुलास नागरी वाचता येते. सूत्राची मूळ प्राकृत ओळ नागरीत, तिच्याखाली अर्थ गुजरातीत, मराठीत किंवा हिंदीत, पण तोही नागरीत, अशी पुस्तके पाठशाळेत ठेवावयाची म्हटले, तर खर्च फार नाही. गुजराती लिपीतील पुस्तके काढून टाकण्याचे कारण नाही. ज्यांना येते त्यांनी ती वाचावीत, आणि आजीने नातवाला रोज पाच ओळी त्या लिपीच्याही शिकवाव्यात. साबणाच्या कारखानदाराने मुलीच्या हुंड्यातून चाळीस पाने छापली होती. संस्थेच्या सुवर्णमहोत्सवी निधीतून तितकी पाने निघणे कठीण नाही. विश्वस्त मंडळाने याचा विचार करावा, ही नम्र विनंती आहे.

विनोबांनी १९८२ च्या नोव्हेंबरात पवनार येथे अन्न, पाणी व औषधे सोडली. समाधानाने, कोणताही आग्रह न ठेवता त्यांनी देह ठेवला, तो दिवस १५ नोव्हेंबर, दिवाळीचा, म्हणजेच भगवान महावीरांच्या निर्वाणाचा होता.

जय जिनेन्द्र. जय जगत्.